काकांचं क्युबेस एसएक्स-३ आणि एक्सपीवाला सीपीयू: टाकू की जपू?

पेटीवाला | सोमवार, रात्री १०:४०

नमस्कार मंडळी. विषय जुनाट आहे, पण इथे जुनाट माणसंही बरीच आहेत, म्हणून धागा काढायची हिंमत करतोय.

मिरजेत आमच्या काकांचा माडीवर छोटा स्टुडिओ आहे. स्टुडिओ म्हणजे एक खोली, भिंतींना घोंगड्या, खिडकीत उभी केलेली गादी आणि दारावर खडूनं लिहिलेलं ‘शांतता, काम चालू’. २००२ च्या सुमारास त्यांनी एक सीपीयू जुळवून घेतला: पेंटियम ४, ५१२ एमबी रॅम, ४० जीबीची हार्ड डिस्क, विंडोज एक्सपी. आत एम-ऑडिओचं ऑडिओफाइल २४९६ साउंड कार्ड. २००५ मध्ये त्यावर क्युबेस एसएक्स-३ (गाणी रेकॉर्ड करून जुळवायचं सॉफ्टवेअर) चढवलं, तेही डाँगलसकट (लायसन्सची चावी), रीतसर पैसे मोजून. तेव्हा आमच्या भागात सॉफ्टवेअर विकत घेणाऱ्या माणसाला लोक हसायचे. शेजारी रोलंडचं जेव्ही-१०८०, म्हणजे वाद्यांचे आवाज काढणारा सिंथेसायझरचा डबा. एवढ्या सामानावर भजनी मंडळं, शाळांची स्वागतगीतं, पाळणे, सतारमेकर गल्लीतल्या नव्या तंबोऱ्यांचे नमुने, असं बरंच काही रेकॉर्ड झालंय. फोल्डर मोजले तर साठाच्या वर भरले.

काका आता ७१ वर्षांचे आहेत. अजून आठवड्यातून तीनदा माडी चढतात आणि त्याच क्युबेसवर काम करतात.

सध्याची रड अशी. सीपीयू तिसऱ्या-चौथ्या प्रयत्नात चालू होतो. दर वेळी तारीख १ जानेवारी २००२ दाखवतो. आणि गेल्या दोन महिन्यांपासून आठ-दहा ट्रॅक एकदम वाजवले की टिकटिक येते, मध्येच सगळं क्षणभर अडखळतं. पूर्वी हाच सीपीयू वीस ट्रॅक हसतहसत ओढायचा.

पुण्याचा चुलतभाऊ म्हणतो, भंगारात द्या आणि लॅपटॉप घ्या. काका म्हणतात, “भाता फाटला म्हणून पेटी टाकून कुणी कॅसिओ आणतं का?”

जाणकारांनी प्रकाश टाकावा. मला दोन्ही हवंय: काकांचं काम चालू राहावं आणि आतली गाणी वाचावीत.

बीटबॉय | सोमवार, रात्री ११:०५

दादा, राग मानू नका, पण चुलतभाऊ बरोबर बोलतोय. ५१२ एमबी रॅममध्ये आज ब्राउझरचा एक टॅब धड उघडत नाही. मी एफएल स्टुडिओ या सॉफ्टवेअरवर काम करतो, साधा लॅपटॉप आहे, साठ-सत्तर ट्रॅक आरामात चालतात. काकांना दोन दिवसांत शिकवता येईल.

टेपचा_फिता | सोमवार, रात्री ११:५०

बीटबॉय, त्या सीपीयूवर ब्राउझर उघडायचाच नाहीये, इथेच तुमचा हिशेब चुकतो. एक्सपीला मायक्रोसॉफ्टनं ८ एप्रिल २०१४ ला रामराम ठोकला. ज्या मशीनला नेटची वायर कधी लागणार नाही, अँटिव्हायरस नाही, अपडेट नाही, त्याला ५१२ एमबी पुरते. त्या काळी मुंबईत आम्ही याहून कमी रॅमवर अख्खे अल्बम केलेत.

पेटीवाला, तुम्हाला थोडं सविस्तर लिहितो. मी पंचवीस वर्षं रेकॉर्डिंगमध्ये आहे. आधी अडॅट (व्हीएचएसच्या आकाराच्या कॅसेटवर आठ ट्रॅक), मग न्युएंडो, मग इतर.

पहिली गोष्ट: आज, आत्ता, नवीन काहीही रेकॉर्ड करणं थांबवा. तुम्ही सांगताय ती लक्षणं हार्ड डिस्कची असू शकतात. डिस्क जात असेल तर त्यावर लिहिलेला प्रत्येक नवीन टेक जुन्या कुणाच्या तरी जिवावर उठतो.

दुसरी गोष्ट: काकांच्या डिस्कवर क्युबेस व्हीएसटीच्या काळातल्या, म्हणजे २००२ च्या आधीच्या फाइली आहेत का ते बघा. त्यांचं शेपूट ‘डॉट ऑल’ किंवा ‘डॉट एआरआर’ असतं. एसएक्स आलं तेव्हा क्युबेस बनवणाऱ्या स्टाइनबर्गनं आतलं इंजिनच बदललं, आपल्याच न्युएंडो सॉफ्टवेअरचं घेतलं, आणि प्रोजेक्टची फाइल ‘डॉट सीपीआर’ झाली. एसएक्स-३ जुन्या ‘ऑल’ फाइली उघडतं. आजचं क्युबेस उघडत नाही. म्हणजे १९९९ चं गाणं २०२० नंतरच्या कॉम्प्युटरवर आणायचं असेल, तर मधला पूल काकांच्या माडीवर उभा आहे. तो भंगारात देणाऱ्या चुलतभावाला माझा नमस्कार सांगा.

तिसरी गोष्ट डाँगलची. एसएक्स-३ ची ती सिंक्रोसॉफ्टची यूएसबी चावी. स्टाइनबर्गनं ती सगळी व्यवस्था २० मे २०२५ ला बंद केली. चावीत आधीपासून असलेलं लायसन्स चालत राहतं, पण चावी तुटली किंवा हरवली तर दुसरी मिळणार नाही. पुढच्या यूएसबीत लावलेली असेल तर आजच मागे लावा. झाडू मारताना, खुर्ची सरकवताना मोडलेल्या चाव्या मी पाहिल्यात. मागे लावा आणि तिला हात लावू नका.

उरलेलं हार्डवेअरवाले सांगतील. सोल्डरगन कुठे आहेत?

सोल्डरगन | मंगळवार, सकाळी ७:१५

हजर. रात्री झोपलो होतो, काही लोक झोपतात.

तारखेचं सोपं आहे. मदरबोर्डवरचा सीआर२०३२ सेल संपलाय. घड्याळाच्या दुकानातही मिळतो. बदलण्याआधी बायॉसच्या सगळ्या पानांचे मोबाइलवर फोटो काढून ठेवा.

तिसऱ्या प्रयत्नात चालू होणं म्हणजे एसएमपीएस (सीपीयूला वीज देणारा डबा) नाहीतर कपॅसिटर. झाकण उघडा, प्रोसेसरच्या आजूबाजूला उभे डबे दिसतील, त्यांच्या डोक्यावर फुलीसारखी खाच असते. डोकं सपाट हवं. पुरीसारखं फुगलेलं असेल, किंवा बुडाशी तपकिरी चिकट काही दिसत असेल, तर तो गेला. १९९९ ते २००७ च्या दरम्यानच्या बोर्डांना हा रोग फार. बदलताना लो ईएसआर, १०५ डिग्रीवालेच घ्यायचे. व्होल्टेज तेवढंच किंवा जास्त, कमी कधीच नाही. साधे ८५ डिग्रीवाले लावले तर उन्हाळ्यात परत भेटाल. पुण्यात पासोड्या विठोबाच्या आसपास मिळतात. सांगली-मिरजेत टीव्ही दुरुस्तीवाल्याला विचारा. ज्यानं पिक्चर ट्यूबचे टीव्ही उघडलेत त्याला हे काम डोळे मिटून येतं.

आता टिकटिक. हे वाचा आणि लगेच बघा: माय कॉम्प्युटरवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, हार्डवेअर, डिव्हाइस मॅनेजर. त्यात आयडीई कंट्रोलर, प्रायमरी आयडीई चॅनल, अ‍ॅडव्हान्स्ड सेटिंग्ज. ‘करंट ट्रान्सफर मोड’ समोर काय लिहिलंय ते इथे टाका. बाकी कशालाही हात लावू नका.

पेटीवाला | मंगळवार, रात्री ९:२०

‘पीआयओ मोड’ लिहिलंय.

सोल्डरगन | मंगळवार, रात्री ९:२६

वाटलंच होतं.

तिथे ‘अल्ट्रा डीएमए मोड ५’ हवं. डीएमए म्हणजे डिस्कवरचा डेटा प्रोसेसरला न विचारता थेट मेमरीत जातो. पीआयओमध्ये प्रत्येक घास प्रोसेसरला स्वतः भरवावा लागतो. क्युबेस एकाच वेळी दहा ट्रॅक मागतंय, प्रोसेसर डिस्कला भरवण्यात गुंतलाय, ध्वनीला वेळ कोण देणार? म्हणून टिकटिक.

आणि एक्सपी उगाच पीआयओत जात नाही. वाचताना चुका होत गेल्या, मिळून सहा झाल्या, की ते गुपचूप मोड उतरवतं आणि कुणाला सांगत नाही. म्हणजे एकतर आयडीईची पट्टी (डिस्कची चपटी केबल) सैल किंवा खराब आहे, नाहीतर डिस्क जातेय. चॅनल अनइन्स्टॉल करून रीस्टार्ट केलं की डीएमए परत येतं, टिकटिकही थांबते. पण ते आत्ता करू नका. आधी अख्ख्या डिस्कची नक्कल काढा. दुखणं कळलंय, म्हणून वेदनाशामक देऊन पेशंटला पळवायचा नाही.

टेपचा_फिता | मंगळवार, रात्री ९:४०

+१. पेटीवाला, डिस्क बाहेर काढून आयडीई-यूएसबी अडॅप्टरनं दुसऱ्या कॉम्प्युटरला लावा आणि लिनक्सवरून ‘डीडीरेस्क्यू’ चालवा. हे अख्ख्या डिस्कची हुबेहूब नक्कल एका फाइलीत करतं. वाचता न येणारी जागा आली की तिथे डोकं न आपटता पुढे जातं, आणि शेवटी परत येऊन त्या जागा चाटून बघतं. नुसतं कॉपी-पेस्ट करू नका. कॉपी खराब जागी अडकून बसते आणि तेवढ्यात डिस्क प्राण सोडते.

बीटबॉय | मंगळवार, रात्री १०:०२

पेन ड्राइव्ह लावून काढलं तर? किंवा वायफायनं शेअर?

सोल्डरगन | मंगळवार, रात्री १०:३०

पेंटियम ४ च्या सुरुवातीच्या ८४५ चिपसेटच्या बोर्डांवर यूएसबी १.१ आहे. सेकंदाला जेमतेम एक एमबी. ४० जीबीला अकरा तास, आणि तेवढा वेळ ती आजारी डिस्क फिरत ठेवायची. नेटवर्कचं म्हणाल तर एक्सपी एसएमबी-१ (फाइली शेअर करायची जुनी भाषा) बोलतं, आणि २०१७ च्या शरदातल्या अपडेटपासून विंडोज १० नव्यानं टाकलं की ते मुळात येतच नाही. दोघं एकमेकांसमोर बसून एकमेकांना दिसत नाहीत. चालू करता येतं, पण कशाला?

अंत्रुजवासी | बुधवार, दुपारी ३:१०

छान चाललाय धागा. वाचनखूण साठवली.

मी फोंड्याचा. आमच्याकडे जत्रेतल्या नाटकांना पार्श्वसंगीत देतो. २००१ पासूनचा विंडोज ९८ वाला सीपीयू अजून आहे, त्यावर कूल एडिट प्रो. ते सिंट्रिलियम कंपनीचं होतं, २००३ मध्ये अ‍ॅडोबीनं विकत घेतलं आणि नाव बदलून ऑडिशन केलं. पाऊस, वीज, घोड्यांच्या टापा, राजाच्या दरबाराचा चौघडा, सगळं त्यात कापून ठेवलंय. नाटकाच्या रात्री लॅपटॉपनं अपडेट मागितलं तर काय करू? हा गडी काही मागत नाही. आवाज कापायचा, वाजवायचा, संपलं.

एकदा मी शहाणपणा केला होता. कुणीतरी १ जीबी रॅम फुकट दिली, ती त्यात घातली. विंडोज ९८ उठेचना, ‘मेमरी अपुरी’ म्हणायला लागलं! रॅम दुप्पट केली आणि म्हणतंय अपुरी. नंतर कळलं, ५१२ एमबीच्या वर गेलं की त्याचं व्हीकॅश स्वतःसाठी इतकी जागा राखतं की बाकीच्यांना उरत नाही. सिस्टिम डॉट आयएनआय फाइलीत व्हीकॅशखाली ‘मॅक्सफाइलकॅश’ला मर्यादा घालावी लागते. मी रॅमच काढून टाकली.

आमचा शत्रू पाऊस. चार महिने सीपीयूच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्या, आणि आठवड्यातून एकदा काम असो-नसो तासभर चालू ठेवायचा. बंद पडून राहिलेला सीपीयू गणपतीत चालू होत नाही, हा माझा अनुभव.

शब्दखुळी | बुधवार, सायंकाळी ६:४५

मला यातलं ओ की ठो कळत नाही, तरी सगळं वाचलं. एक अवांतर प्रश्न. बाबांनी गाण्यांचे शब्द वर्डमध्ये टाइप करून ठेवलेत, आता उघडले की मराठी अक्षर सोडून सगळं दिसतं, म्हणजे इंग्रजी चिन्हांचा चिवडा. हे गेलं का?

टेपचा_फिता | बुधवार, रात्री ८:१०

ताई, गेलं नाही. बहुतेक सीडॅकच्या आयएसएमचा नाहीतर श्रीलिपीचा फॉन्ट असणार. ते युनिकोडच्या आधीचे. इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठीचे तुकडे बसवलेले असायचे. जुन्या कॉम्प्युटरवरून त्या फॉन्टच्या फाइली तेवढ्या उचला (विंडोजच्या फॉन्ट्स फोल्डरमध्ये, योगेश, सुरेख अशी नावं दिसतात का बघा), नव्या कॉम्प्युटरवर टाका, चिवड्याची अक्षरं होतील. मग युनिकोडमध्ये बदलून घ्या. फॉन्टचं नाव कळलं की परिवर्तक मिळतात.

पेटीवाला, तुम्हीही फॉन्ट उचला. ट्रॅकला नाव ‘मंजिरी २’ असं दिलेलं असतं तिथवर ठीक, शब्दांची फाइल उघडली की रडायला येतं.

पेटीवाला | रविवार, रात्री ९:३०

ताजा कलम. सेल बदलला. कपॅसिटर: तीन फुगलेले निघाले, एक तर डोक्यावर फुटून वाळलेला. टीव्ही दुरुस्तीवाल्या मामांनी अर्ध्या तासात बदलून दिले, पैसे घ्यायला तयार नव्हते, कारण त्यांच्या मंडळाची आरती काकांनीच रेकॉर्ड केली होती. आता पहिल्या फटक्यात चालू होतो.

त्याआधी डिस्क काढून डीडीरेस्क्यू केलं. भाचीच्या कॉम्प्युटरवर, रात्रभर. सकाळी चहा घेऊन बघायला गेलो तर ९९.९९ टक्के आणि तीन जागा वाचायच्या राहिलेल्या. अजून तीन तास ठेवलं, दोन वाचल्या. उरलेली एक कुठल्याशा पाळण्याच्या टाळांच्या ट्रॅकमध्ये निघाली. काका म्हणाले, टाळ परत वाजवू, टाळ काय संपलेत का.

नक्कल एका आयडीई अडॅप्टरवर बसवलेल्या १२० जीबीच्या एसएसडीवर उतरवली (पट्टीही नवी, ऐंशी तारांची). आता अल्ट्रा डीएमए ५ दाखवतं. टिकटिक बंद. जुनी डिस्क वर्तमानपत्रात गुंडाळून कपाटात.

सोल्डरगन | रविवार, रात्री ९:४१

शाब्बास. एक्सपीला एसएसडीचा ट्रिम (पुसलेली जागा मोकळी करून घ्यायची सोय) कळत नाही, म्हणून ती पूर्ण भरू नका, तिसरा हिस्सा मोकळा सोडा. आणि नकलेची फाइल दोन ठिकाणी ठेवा. दुसरं ठिकाण म्हणजे त्याच कपाटातला दुसरा कप्पा नव्हे.

बीटबॉय | रविवार, रात्री १०:१५

आता तरी गाणी नव्या क्युबेसमध्ये उघडतील ना? सीपीआर फाइलच आहे की.

टेपचा_फिता | रविवार, रात्री ११:०५

उघडतील, पण अर्धी मुकी. एसएक्ससोबत यायचे ते ए-वन, व्हीबी-वन, एलएम-सेव्हन आणि वरून टाकलेले सगळे प्लगइन (क्युबेसच्या आत चालणारी वाद्यं आणि इफेक्ट) ३२ बिटचे. क्युबेस ९ पासून (२०१६) ३२ बिटचे प्लगइन बंद. ऑडिओचे तुकडे जागेवर दिसतील, पण बास नाही, ड्रम नाहीत, गायिकेच्या आवाजावर काकांनी मेहनतीनं लावलेला रिव्हर्ब (घुमारा) नाही. रीपर हे दुसरं रेकॉर्डिंग सॉफ्टवेअर ३२ बिटचे प्लगइन पोटात घेऊन चालवतं, पण ते क्युबेसची फाइल वाचत नाही.

म्हणून मी सगळ्यांना एकच काम सांगतो. प्रत्येक ट्रॅक वेगळी वेव्ह फाइल करून काढा. सगळ्या फाइली एकाच ठिकाणाहून, पहिल्या मात्रेपासून सुरू झाल्या पाहिजेत. पन्नास वर्षांनी कुणी कुठल्याही सॉफ्टवेअरमध्ये त्या डावीकडे जुळवून टाकल्या की गाणं उभं राहील. एकदा कोऱ्या, एकदा इफेक्टसकट.

एसएक्स-३ मध्ये हे काम कंटाळवाणं आहे. सगळे ट्रॅक एका दमात काढायची सोय क्युबेस ५ मध्ये, २००९ ला आली. इथे लोकेटर (कुठून कुठपर्यंत त्या खुणा) लावा, एक ट्रॅक सोलो करा, ऑडिओ मिक्सडाउन (वाजतंय ते फाइलीत उतरवणं), नाव द्या, पुढचा सोलो. वीस ट्रॅकला वीस वेळा. दुपारी जेवण झाल्यावर करू नका, डोळा लागतो आणि ‘तबला’ नावाच्या फाइलीत बासरी जाते. (स्वानुभव.)

खरी मेख पुढे आहे. मिडीचे जे ट्रॅक जेव्ही-१०८० वाजवतं, ते मिक्सडाउनमध्ये येतच नाहीत. क्युबेसकडे नुसते सूर आहेत, आवाज त्या डब्यात आहे. त्याच्या तारा ऑडिओफाइलच्या इनपुटला जोडून एकेक ट्रॅक वाजवत प्रत्यक्ष रेकॉर्ड करावा लागतो. पाच मिनिटांचं गाणं म्हणजे पाच मिनिटं, घाई करता येत नाही. रेकॉर्ड झालेलं थोडं मागे पडतं, ते सरकवून जुळवा. शिवाय मिडीची फाइल टाइप १ मध्ये वेगळी काढा, तिच्यात टेम्पोही जातो.

आणि जेव्हीला हात लावण्याआधी त्यातले काकांनी बनवलेले आवाज सिसेक्सनं (मिडीच्या तारेवरून सेटिंग पाठवायची सोय) क्युबेसमध्येच रेकॉर्ड करून घ्या. त्याच्याही पोटात एक सीआर२०३२ आहे. तो संपला की ते बनवलेले आवाज (यूझर पॅच) पुसले जातात.

पेटीवाला | सोमवार, सकाळी ८:००

बाप रे. त्यात काकांनी लावलेलं ‘एशिया’ कार्ड पण आहे, एसआर-जेव्ही८०-१४. त्यातला तबला आणि तंबोरा त्यांनी बदलून बदलून स्वतःचा करून घेतलाय. मिरजेत राहून मशीनचा तंबोरा वापरायचा म्हणून आधी शरम वाटायची म्हणे, मग तोच जवारीसारखा लावत बसायचे.

सिसेक्स आजच करतो.

एल्बेकाठ | सोमवार, दुपारी १:३०

हॅम्बुर्गहून नमस्कार. इथे राहून या धाग्यावर न लिहिणं म्हणजे पंढरपुरात राहून आषाढी चुकवणं. स्टाइनबर्ग इथलीच, १९८४ ची, कार्ल स्टाइनबर्ग आणि मानफ्रेड र्‍युरुप या दोघांनी काढलेली. लॉजिक हे रेकॉर्डिंग सॉफ्टवेअर काढणारे इमॅजिकही याच बाजूचे. त्यांना २००२ मध्ये अ‍ॅपलनं घेतलं आणि विंडोजवाल्यांना वाऱ्यावर सोडलं.

माझ्याकडे बाजारात जुन्या सामानात मिळालेला अटारी १०४० एसटी आहे. १ एमबी रॅम (जीबी नव्हे), दोन मिडीची भोकं थेट मशीनलाच, आणि क्युबेस. क्युबेसचा जन्म १९८९ चा, याच अटारीवर. डाँगल कार्ट्रिजच्या खाचेत. बटण दाबलं की काही सेकंदांत तयार, कारण ऑपरेटिंग सिस्टिम रॉममध्येच. रंग नाहीत, ६४० गुणिले ४०० चा पांढरा पडदा, डोळ्यांना इतका शांत की आजच्या पडद्यांची कीव येते. त्यावर ऑडिओ होत नाही, फक्त मिडी, पण ताल घट्ट बसतो. मागे दुसरं काहीच चालू नसतं, मशीनला एकच काम.

फ्लॉप्या ७२० केबीच्या लागतात. त्या मिळत नाहीत म्हणून लोक १.४४ वालीचं भोक चिकटपट्टीनं बुजवतात. चालते, पण त्यावर महत्त्वाचं काही ठेवू नका. मी आता फ्लॉपीऐवजी पेन ड्राइव्ह घेणारा गोटेक बसवलाय.

बीटबॉय, तुम्हाला एक गंमत सांगतो. काकांना नवीन क्युबेस शिकवायला लागलंच तर आधी नंबर पॅडवाला कीबोर्ड घ्या. एसएक्समध्ये नंबर पॅडवर तारा म्हणजे रेकॉर्ड, शून्य म्हणजे थांब, एंटर म्हणजे वाजव, १ आणि २ म्हणजे डावा-उजवा लोकेटर, तिरकी रेघ म्हणजे सायकल. आजच्या क्युबेसमध्येही तसंच आहे. काकांची बोटं सगळं विसरून गेली तरी उजवा हात कुठे जायचं ते विसरणार नाही.

बीटबॉय | सोमवार, दुपारी २:१०

हे माहीत नव्हतं. माझ्या लॅपटॉपला नंबर पॅडच नाहीये :)

एक विचारू? व्हर्च्युअल मशीनमध्ये (नव्या कॉम्प्युटरच्या आत चालणारा नकली कॉम्प्युटर) एक्सपी टाकून एसएक्स चालवलं तर? हार्डवेअरची कटकटच नको.

टेपचा_फिता | सोमवार, रात्री ९:००

चांगला प्रश्न. रेकॉर्डिंगसाठी नाही. आत बसवलेलं पीसीआय साउंड कार्ड तिथे पोचत नाही, आणि माइकपासून कानापर्यंत आवाज यायला इतका उशीर लागतो की गाणारा भांबावतो. काकांच्या कार्डावर २५६ सॅम्पलचा बफर (एका वेळी साठवलेला आवाजाचा तुकडा) म्हणजे ४४.१ किलोहर्ट्झला सहा मिलिसेकंदांच्या आत, तिथे ते लाडानं गातात. पण फाइल उघडून मिक्सडाउन काढायला उशीर झाला तर कुणाचं काय बिघडतं? डाँगल आत ओळखलं गेलं तर बाहेर काढण्याच्या कामाला व्हर्च्युअल मशीन उत्तम. जेव्हीचे ट्रॅक सोडून.

पेटीवाला | पुढचा शनिवार, रात्री १०:५०

पहिलं गाणं बाहेर काढलं आणि तोंडावर आपटलो. सांगतो.

काकांचं आवडतं भजन, २००६ चं. एकोणीस ट्रॅक, दोन दुपारी. फाइली भाचीच्या कॉम्प्युटरवर रीपरमध्ये डावीकडे जुळवल्या, वाजवलं. सगळं जागेवर. मी खूश. काकांना बोलावलं. त्यांनी चार ओळी ऐकल्या, काही बोलले नाहीत, कोपऱ्यातली पेटी ओढली, काळी दोन दाबली. जुळेना. पांढरी दोन. जुळेना. काळी एक. तीही नाही. म्हणाले, “ही बाई कुठल्या सुरात गातेय? मध्येच फटीत उभी आहे. आणि हिला झोप का आलीय?”

गाणं पाच मिनिटांचं होतं, ते ५ मिनिटं २७ सेकंदांचं झालं होतं.

दोन तास डोकं फोडल्यावर सापडलं. तो एकच प्रोजेक्ट ४८ किलोहर्ट्झचा होता, बाकी सगळे ४४.१ चे. मी फाइलींचं नाव बदलायचं म्हणून मध्ये एक छोटा प्रोग्राम वापरला, त्यानं सगळ्यांवर ४४.१ चा शिक्का मारला. आवाज तोच, फक्त हळू फिरतोय. जवळपास दीड अर्धस्वर खाली. काळी दोनवरची बाई पांढरी दोन आणि काळी एकच्या मध्ये जाऊन उभी. शिक्का परत ४८ चा केला, बाई जागेवर आली.

टेपचा_फिता | शनिवार, रात्री ११:१०

:) यंत्रावर दिसत नाही, पेटीवर दिसतं. प्रत्येक फोल्डरमध्ये एक साधी टेक्स्ट फाइल ठेवा: किलोहर्ट्झ, बिट, टेम्पो, पट्टी, कोण गायलं, कोणत्या साली. पट्टी नक्की लिहा. आज तिनंच वाचवलं.

आणि प्रोजेक्टचं मूळ फोल्डर अख्खं ठेवा. ‘एडिट्स’ फोल्डर फालतू वाटतं म्हणून लोक उडवतात, पण प्रोसेस केलेले तुकडे त्यातच असतात. ‘इमेजेस’ उडालं तर चालतं, ती नुसती लाटांची चित्रं, परत बनतात.

अंत्रुजवासी | रविवार, सकाळी ११:००

काका नवीन काही रेकॉर्ड करतायत की नुसतं बाहेर काढणंच चाललंय?

पेटीवाला | रविवार, दुपारी ४:२०

करतायत ना. वाटणी झालीय: सोमवार, बुधवार, शुक्रवार काकांचे, शनिवार-रविवार माझे. त्यांनी पाळण्यातले ते टाळ परत वाजवून घेतले. एक अट घातलीय, माझ्या दिवशी मी त्यांच्या मिक्सरचे खटके जिथे होते तिथे परत आणून ठेवायचे. खडूनं खुणा केल्यात. डाँगल मागे लावलं, वर आगपेटीची रिकामी डबी टोपीसारखी चिकटवलीय, ती काकांची आयडिया.

साठातली चार गाणी बाहेर आली. ‘डॉट ऑल’वाली सातच निघाली. ती एसएक्समध्ये उघडून सीपीआर केली, सगळी उघडली.

आता एकच अडचण. ऑडिओफाइल २४९६ ची मिडीची आणि डिजिटलची जी फाट्यांची केबल मागे लोंबते, तिचा मिडी आउटचा फाटा मुळाशी सैल झालाय. हलला की जेव्ही गप्प. सध्या सुतळीनं टेबलाच्या पायाला बांधलीय. कुणाकडे जादाची पडून असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, कुरिअरचा खर्च माझा.